ताकाची बिस्किटं : सोलापूरच्या उन्हातही पदर सुटतील अशी

गेल्या मे महिन्यात शेजारच्या वहिनी झाकलेली ताटली घेऊन आल्या. आत सहा चकत्या होत्या. चपट्या, कडक, आणि खालून इतक्या तुपकट की ताटलीला डाग पडला होता. मैदा नवा, बटर नवं, ताक घरचं. "प्रमाण अगदी तंतोतंत घेतलं हो," त्या म्हणाल्या. मी एवढंच विचारलं, बटर फ्रीजमधून कधी काढलं होतं? "तासभर आधी. दुपारी. मऊ व्हावं म्हणून."

बिस्किटं तिथेच बिघडली होती. ओव्हनमध्ये जायच्या कितीतरी आधी.

त्यानंतर ओळखीतल्या अनेकींची फसलेली बिस्किटं मी पाहिली आणि जवळजवळ सगळीकडे चूक एकाच जातीची निघाली. कृती चुकत नाही, प्रमाण चुकत नाही. आपला सरावलेला हात चुकतो. शंकरपाळी, चपाती, नानकटाई करून हाताला ज्या सवयी लागल्या आहेत, त्यांतल्या तीन इथे नेमक्या उलट पडतात. म्हणून हा लेख प्रमाणापेक्षा क्रमावर जास्त बोलतो.

आधी एक खुलासा. इथे बिस्किट म्हणजे चहात बुडवायचं कुरकुरीत बिस्किट नव्हे, आणि दिवाळीआधी डबा घेऊन जाऊन बेकरीत पाडून आणतो तेही नव्हे. अमेरिकेत ज्याला बटरमिल्क बिस्किट म्हणतात, ते हे. यीस्ट न घालता फुगणारं, वरून खरपूस, आतून पावासारखं मऊ, आणि हातानं उघडलं की खारीसारखे पदर सुटणारं. गोड नसतं.

हाताच्या तीन सवयी बाजूला ठेवा

पहिली सवय मोहनाची. शंकरपाळीला आपण तूप कडकडीत तापवून मैद्यात ओततो, चोळतो, मुठीत वळतंय का पाहतो. तिथे तेच बरोबर आहे, कारण पीठ खुसखुशीत व्हायला हवं असतं. या बिस्किटात बटर मैद्यात मुरायला नको. ते छोट्या थंड तुकड्यांच्या रूपात, घट्टच, ओव्हनमध्ये पोचायला हवं. बटरमध्ये साधारण १६ टक्के पाणी असतं. गरम ओव्हनमध्ये तुकडा वितळतो, त्यातल्या पाण्याची वाफ होते आणि ती भोवतीचं पीठ उचलून धरते. ती पोकळी म्हणजे पदर. बटर आधीच वितळलं, की मैदा ते पिऊन घेतो आणि मग उचलायला काही उरत नाही.

दुसरी सवय तिंबण्याची. कणीक जितकी मळाल तितकी चपाती मऊ, हे आपल्या हाडात भिनलेलं आहे. इथे मळलं की मैद्यातला चिवटपणा जागा होतो आणि बिस्किट रबरासारखं होतं.

तिसरी सवय कापण्याची. वाटी पिठावर ठेवून गोल फिरवायची. त्यानं कडा दाबल्या जाऊन एकमेकींना चिकटतात आणि बिस्किट वर येण्याऐवजी एका बाजूला कलतं.

साहित्य : सहा बिस्किटांसाठी

मैदा २२० ग्रॅम आणि कॉर्नफ्लॉर ३० ग्रॅम
बेकिंग पावडर अडीच छोटे सपाट चमचे
खाण्याचा सोडा पाव छोटा चमचा
मीठ अर्धा छोटा चमचा (बटर खारं असेल तर. बिनमिठाचं असेल तर जवळजवळ पूर्ण चमचा)
साखर दोन छोटे चमचे
बटर १०० ग्रॅम, त्यातलं ८५ पिठात आणि उरलेलं वरून लावायला
दाट ताक १८० मिली, आणि हाताशी आणखी २० मिली

कॉर्नफ्लॉर कशाला, हा प्रश्न नेहमी येतो. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत ही बिस्किटं ज्या मैद्याची करतात, तो मऊ गव्हाचा असतो आणि त्यात प्रथिनं कमी असतात, ८-९ टक्क्यांच्या आसपास. आपल्या दुकानातला मैदा बहुतेक वेळा त्याच्या वर असतो. पाकिटामागे पोषणाचा तक्ता असतो, त्यात १०० ग्रॅमला प्रथिनं किती ते वाचा. १० किंवा त्याहून जास्त असतील तर ३० ग्रॅम मैद्याच्या जागी कॉर्नफ्लॉर घ्या. ९ च्या आत असतील तर २५० ग्रॅम मैदाच घ्या. कॉर्नफ्लॉर म्हणजे पांढरी, बोटांत कचकचणारी पावडर. मक्याचं पिवळं पीठ वेगळं, ते घालू नका.

घरचं लोणी चालेल का? नव्या माणसानं टाळावं. त्यात पाणी किती राहिलंय ते आपल्याला कळत नाही, आणि ते सारखं गोठतही नाही. पाकिटातलं साधं पिवळं बटर घ्या. तूप तर नकोच. तुपात पाणी नसतं, म्हणजे वाफही नाही.

ज्वारीचं पीठ घालायचा मोह सोलापुरात होणारच, मलाही झाला. २५० ग्रॅमपैकी ५० ग्रॅमपर्यंत घातलेलं मी खाल्लं आहे, चव छान येते, पदर थोडे कमी सुटतात. पण पहिल्या खेपेला नको. आधी नुसत्या मैद्याची दोनदा नीट जमू द्या.

टप्पा १ : आदल्या रात्री

बटरची वडी कागदासकट फ्रीझरमध्ये टाका. फ्रीजमध्ये नव्हे, फ्रीझरमध्ये. बटर साधारण ३२ ते ३५ अंशांना वितळतं. एप्रिल-मेमध्ये सोलापुरात बाहेर ४२-४३ अंश असतात, आणि दुपारचं स्वयंपाकघर, त्यात गॅस पेटलेला, सहज ३६-३८ वर असतं. म्हणजे ओट्यावर नुसतं ठेवलेलं बटरही तिथे वितळतच असतं. पुण्या-मुंबईकडच्या किंवा परदेशातल्या कृतीत "सामान्य तापमान" असं लिहिलेलं असतं, ते आपल्या मे महिन्याचं नसतं.

मैदा आणि कॉर्नफ्लॉर डब्यात भरून, घट्ट झाकण लावून तोही फ्रीझरमध्ये ठेवा. थंड मैद्यात बटर दहा मिनिटं जास्त टिकतं. हा एक बदल केला तरी अर्धी लढाई जिंकली.

आणि वेळ ठरवा. उन्हाळ्यात ही बिस्किटं सकाळी सहाच्या आत करा किंवा रात्री दहानंतर. दुपारी चारच्या चहाला हवी असतील, तर पहाटे कापून फ्रीझरमध्ये ठेवा आणि दुपारी नुसती भाजा. डिसेंबर-जानेवारीत, गड्ड्याच्या जत्रेच्या दिवसांत, कधीही करा, त्या थंडीत हात आपोआप बरोबर पडतो. शिकायचं असेल तर तेव्हाच शिका.

तपासणी : बेकिंग पावडर जिवंत आहे का? अर्धा चमचा गरम पाण्यात टाका. लगेच जोरात फसफसली पाहिजे. दोन-चार बुडबुडे येऊन थांबली तर नवी डबी आणा. सोड्यावर लिंबू पिळून तसंच पाहा. गॅसशेजारच्या फळीवर वर्षभर राहिलेली डबी बहुतेक वेळा नापास होते.

टप्पा २ : ताक दाट करून घ्या

इथे शब्दच फसवतो. तिकडच्या कृतीतलं बटरमिल्क हे विरजण लावलेलं, दाट, ओतलं तर सावकाश पडणारं असतं. आपण जेवणावर पितो ते ताक निम्म्याहून जास्त पाणी असतं. ते १८० मिली ओतलं, की पिठाची खीर होते. मग हात मैद्याच्या डब्याकडे जातो, वरून दोन मुठी मैदा पडतो आणि सगळं प्रमाण मोडतं.

दोन मार्ग आहेत. सोपा मार्ग : १५० ग्रॅम आंबट, घट्ट दही घ्या, त्यात ५० मिली थंड पाणी घालून रवीनं घुसळा. धिरड्याच्या पिठाइतकं दाट हवं, चमच्याच्या पाठीला चिकटून राहणारं.

दुसरा मार्ग, लोणी काढून उरलेलं घरचं ताक असेल तर : ते पातेल्यात, हलवाहलव न करता, रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा. सकाळी वर निवळ पाणी आलेलं दिसेल. ते अलगद ओतून काढा, कढीला वापरा. खाली राहिलेलं दाट ताक घ्या.

ताक आंबट असलंच पाहिजे. सोडा त्या आंबटपणावरच चालतो. ताजं, गोडसर दही असेल तर फ्रीजबाहेर काही तास ठेवा. उन्हाळ्यात तीन-चार तासांत काम होतं. आंबल्यावर पुन्हा अगदी थंडगार करा. मसाला ताक, जिरं घातलेलं, पाकिटातलं मीठवालं ताक घेऊ नका.

टप्पा ३ : ओव्हन आधी, पीठ नंतर

सोडा आणि ताक भेटले की त्याच क्षणी वायू तयार व्हायला लागतो. पीठ कालवून झाल्यावर ओव्हनचं बटण दाबायला गेलात, तर फुगवणारा जोर पंधरा मिनिटं ओट्यावरच वाया जातो. पदर चांगले असूनही बिस्किट बसकं निघालं, तर बहुतेक वेळा कारण हेच.

म्हणून मैदा फ्रीझरमधून काढायच्या आधी ओटीजी, म्हणजे ओट्यावरचा छोटा विजेचा ओव्हन, लावा. २२० अंश, खालची-वरची दोन्ही कॉइल सुरू, जाळी मध्यापेक्षा एक खाच खाली. निदान २० मिनिटं तापू द्या. दिवा विझला म्हणजे ओव्हन तापला असं समजू नका. आतली हवा तापलेली असते, भिंती नसतात, आणि दार उघडताच हवा निघून जाते. आत ठेवायचं छोटं थर्मामीटर काही शे रुपयांत मिळतं. माझा ओटीजी २२० वर ठेवला की आत २०० भरतात, हे मला थर्मामीटर आणल्यावर कळलं. तोवर माझी बिस्किटं फिकीच होत होती.

सावधान : ओटीजी भिंतीतल्या मोठ्या, १६ अँपिअरच्या पॉवर प्लगवरच लावा. एक्स्टेंशन बोर्डवर लावू नका, वायर तापते.

कन्व्हेक्शनचा मायक्रोवेव्ह असेल तर तो कन्व्हेक्शनवर, त्याच्या सगळ्यात जास्त तापमानाला तापवा आणि भाजायला चार-पाच मिनिटं जास्त धरा. नुसत्या मायक्रोवेव्हवर ही होत नाहीत. कढईत मीठ घालून झाकण ठेवून केली, तर फुगतात, पण वरून पांढरीच राहतात, कारण वरून ऊब पुरेशी मिळत नाही.

टप्पा ४ : कोरडं मिश्रण

थंड मैदा, कॉर्नफ्लॉर, बेकिंग पावडर, सोडा, मीठ, साखर एकत्र दोनदा चाळा. सोड्याच्या गुठळीतून बिस्किटावर पिवळा डाग पडतो आणि त्या घासाला साबणासारखी चव येते. चाळायचा कंटाळा केला की हमखास होतं.

टप्पा ५ : बटर

सगळं काम याच पाच मिनिटांचं आहे, म्हणून इथे थोडं थांबते.

स्टीलची परात घ्या. आमच्याकडे कडाप्प्याचा ओटा आहे आणि मे महिन्यात पहाटेही तो हाताला कोमट लागतो. म्हणून मी आधी परातीत बर्फाचे खडे टाकून, थोडं पाणी घालून दहा मिनिटं ठेवते, मग पाणी फेकून कोरड्या फडक्यानं पुसून घेते. एक ताट बर्फासकट ओट्यावर तसंच राहू देते, लाटायच्या जागेवर. पंखा बंद. कूलर चालू असेल तर त्याच्या झोताबाहेर उभं राहा.

चाळलेलं पीठ परातीत घ्या. बटरची दगडासारखी वडी फ्रीझरमधून काढा. चाकूने १५ ग्रॅमचा तुकडा बाजूला करा, उरलेल्या वडीला अर्ध्यापर्यंत कागद गुंडाळलेलाच ठेवा, म्हणजे हाताची ऊब लागत नाही. किसणीच्या मोठ्या भोकांवरून, आपण खोबरं किंवा गाजर किसतो त्या बाजूने, थेट पिठावर किसा. दर चार-पाच फटक्यांनी काटा किंवा उलथण्याने कीस पिठात हलवून घ्या, म्हणजे त्याचे पुंजके होत नाहीत. वडी संपत आली आणि मऊ वाटली तर उरलेला बोटभर तुकडा चाकूने चिरून टाका, किसायचा हट्ट नको.

मग बोटांच्या टोकांनी, तळव्यांनी नव्हे, फक्त एकदा सगळीकडून उचलून सोडा. तळवा गरम असतो, टोकं त्या मानानं थंड. हात माठातल्या पाण्यात बुडवून कोरडे करून आलात तर आणखी बरं. चोळायचं नाही. मुठीत वळतंय का पाहायचं तर अजिबातच नाही.

दिसायला कसं हवं? शेंगाची चटणी कुटताना मध्यावर थांबल्यावर उखळात जे दिसतं, तसं. काही बारीक, काही डाळीच्या दाण्याएवढे चपटे पिवळे तुकडे, आणि मधून सुटा, कोरडा, पांढरा मैदा. मैदा पिवळसर, ओलसर, रवाळ दिसायला लागला असेल तर बटर वितळलंय.

तपासणी : एक पिवळा तुकडा चिमटीत दाबा. कट्कन तुटला तर पुढे जा. बोटाला चिकटून चकाकला, तर परात जशीच्या तशी १५ मिनिटं फ्रीझरमध्ये. घाई नको. परात मावत नसेल तर मिश्रण डब्यात ओता. ओव्हन तापत राहू दे, त्याचं काही बिघडत नाही.

टप्पा ६ : ताक ओतणं

मध्ये खळगा करा. १६० मिली ताक एकदम ओता. थोडंथोडं घालत बसलात तर प्रत्येक वेळी ढवळावं लागतं आणि ते मळल्यासारखंच होतं. उलथण्याने कडेचा मैदा मध्ये लोटत, परात फिरवत, पंधरा-वीस फटक्यांत एकत्र करा. खाली कोरडा मैदा दिसला तर तिथेच, त्या जागेवर, एकेक चमचा ताक शिंपडा.

किती ताक लागेल ते हवेवर आहे. एप्रिलमध्ये सोलापूरची हवा इतकी कोरडी असते की मैदाही सुकलेला असतो. माझ्याकडे तेव्हा १८० मिली पूर्ण लागतं, कधी दहा जास्त. श्रावणात १६५ वर थांबावं लागतं.

गोळा खडबडीत, फाटलेला, जरा चिकट दिसेल. मन म्हणेल, अजून एकदा मळून गुळगुळीत करू. करू नका. चपातीच्या कणकेला आपण जे गबाळं म्हणू, ते इथे योग्य आहे.

टप्पा ७ : घड्या

पदर इथे रचले जातात. ओट्यावरचं बर्फाचं ताट उचला, जागा पुसा, मैदा भुरभुरा. मिश्रण ओता आणि हातानंच, लाटणं न वापरता, साधारण २० बाय १५ सेंटीमीटरच्या आयतात थापा. भाकरी थापतो तशी थाप नको, तो मार आहे. इथे फक्त दाबत जायचं.

आता एका बाजूचा तिसरा हिस्सा मध्यावर दुमडा, दुसऱ्या बाजूचा त्याच्यावर. पोळीला नव्हे, पत्राला घालतो तशी तीन पदरी घडी. पहिल्यांदा पीठ तुटेल, भुगा सांडेल, घडी उलथण्याने उचलावी लागेल. घाबरू नका. सांडलेला भुगा वर टाका, पाव वळसा द्या, पुन्हा तेवढ्याच आयतात दाबा, पुन्हा घडी. एकूण तीन घड्या. तिसऱ्या घडीला तोच गबाळा गोळा एकसंध होतो, आणि कडेला पाहिलंत तर पांढऱ्या-पिवळ्या रेघा दिसतात.

घडी घालण्यापूर्वी वरचा सुटा मैदा हाताने झाडा. आत राहिला तर पदर कोरडे राहतात. आणि चौथी-पाचवी घडी घालू नका. "जास्त घड्या, जास्त पदर" हे खारीला खरं आहे, कारण तिथे पीठ मध्ये मध्ये विश्रांती घेतं. इथे पाचव्या घडीला पीठ रबर होतं.

शेवटी २.५ सेंटीमीटर जाडीवर थांबा. पट्टीनं मोजा, खरंच मोजा. नजरेनं अडीच वाटणारी जाडी दीड निघते, कारण आपली नजर पोळी-पुरीला सरावलेली आहे. एवढ्या जाडीला आयत साधारण १६ बाय १२ सेंटीमीटरचा होईल.

हवा कोरडी असते, त्यामुळे पीठ उघडं राहिलं की पाचच मिनिटांत वर पापुद्रा धरतं आणि तो फुगू देत नाही. कुठे थांबायची वेळ आली, तर वर ओलं, घट्ट पिळलेलं फडकं टाका.

टप्पा ८ : कापणं

गोल बिस्किटं सुंदर दिसतात, पण माझा आग्रह चौकोनांचा आहे. लांब, धारदार सुरी घ्या, मैद्यात बुडवा, सरळ खाली दाबून उचला. मागेपुढे करवतीसारखी ओढू नका. आधी चारही बाजूंनी अर्धा सेंटीमीटर कडा छाटा. दुमडलेली कड बंद असते, ती तशीच राहिली तर त्या बाजूने बिस्किट उघडत नाही. मग दोन ओळी, तीन स्तंभ, सहा तुकडे. काही वाया जात नाही आणि पुन्हा मळावं लागत नाही. छाटलेल्या कडा सातवं वेडंवाकडं बिस्किट म्हणून भाजा, मुलं तेच आधी उचलतात.

गोलच हवी असतील तर वाटी नको, तिचा काठ जाड आणि वळलेला असतो. दोन्ही बाजूंनी उघडं, पातळ पत्र्याचं साचं घ्या. सरळ खाली, सरळ वर. फिरवायचं नाही.

तपासणी : कापलेली कड डोळ्यांजवळ धरून पाहा. वहीच्या कडेसारख्या आडव्या रेघा आणि मध्ये पिवळे ठिपके दिसले पाहिजेत. कड गुळगुळीत, मातीच्या गोळ्यासारखी दिसली तर बटर मुरलंय. तरी भाजा, फेकू नका. खायला बरी होतात, फक्त उंच होत नाहीत.

टप्पा ९ : पुन्हा थंड

ट्रेवर बटर पेपर टाका आणि तुकडे एकमेकांना जेमतेम टेकतील असे ठेवा. टेकलेली बिस्किटं एकमेकांच्या आधारानं वर जातात. सुटी ठेवलीत तर बाजूला पसरतात, कडा मात्र खरपूस होतात. आवड ज्याची त्यानं ठरवावी.

ट्रे १५ ते २० मिनिटं फ्रीझरमध्ये. ओट्यावर वाया जाणारा फुगवणारा जोर थंडीत मंदावतो, म्हणून इथे थांबलं तरी चालतं. हिवाळ्यात ही पायरी गाळली तरी चालतं. मार्चपासून जूनपर्यंत गाळू नका. वहिनींची दुसरी खेप मी त्यांच्याच ओट्यावर, त्यांच्याच सामानानं करून घेतली. तेव्हा वेगळं केलं ते दोनच जागी : बटर गोठलेलं, आणि ही वीस मिनिटं. बिस्किटं जवळजवळ दुप्पट उंच आली.

आणि उन्हाळ्यात लाइट जाते, तेव्हाही फ्रीझरच कामाला येतो. ओव्हन तापता तापता लाइट गेली, तर कापलेली बिस्किटं फ्रीझरमध्येच राहू द्या. दार उघडू नका, तास-दोन तास काही होत नाही.

टप्पा १० : भाजणं

बाजूला ठेवलेलं बटर वितळवा आणि निम्मं ब्रशने फक्त वरच्या पृष्ठावर लावा. कडांवर ओघळू देऊ नका, ओघळ सुकला की कड शिवल्यासारखी बंद होते. ट्रे आत टाका, दार लगेच बंद करा.

२२० अंशांवर १६ ते १९ मिनिटं. पहिली बारा मिनिटं दार उघडायचं नाही. काचेतून पाहा : सहाव्या-सातव्या मिनिटाला बिस्किटं उठायला लागतात, कडेचे पदर वेगळे दिसू लागतात, बटर थोडं बुडबुडतं. थोडं बटर ट्रेवर येणं ठीक आहे. तळं साचलं तर बटर गरम होतं किंवा ओव्हन थंड होता.

लहान ओटीजीमध्ये वरची कॉइल जवळ असते. चौदाव्या मिनिटाला वर गडद झालं आणि बाजू अजून पांढऱ्या असल्या, तर वर फॉइलचा तुकडा अलगद ठेवा आणि वेळ पूर्ण करा. मागची रांग लवकर भाजत असेल तर याच वेळी ट्रे फिरवून घ्या.

भाजताना मध्येच लाइट गेली तर दार बंदच ठेवा. दहा मिनिटं झाली असतील तर आतल्या उबेवर बऱ्याचदा पूर्ण होतात. पाचच मिनिटं झाली असतील तर ती खेप हातची गेली, तेवढं मनाशी धरा.

तपासणी : वरून सोनेरी-तांबूस, खालून खमंग तपकिरी. मधलं बिस्किट उचलून बाजू दाबा, ओलसर, मेणासारखी लागली तर अजून दोन मिनिटं. मांस किंवा पाक मोजायचा थर्मामीटर घरात असेल तर मध्यभागी ९५ अंश भरले पाहिजेत.

काढल्यावर उरलेलं बटर लावा, जाळीवर पाच मिनिटं ठेवा. ट्रेवरच ठेवलीत तर खालून घामेजतात. सुरीनं कापू नका, बोटांनी मध्ये धरून उघडा, पदर आपोआप सुटतात. गरम असताना आत शेंगाची चटणी आणि लोण्याचा गोळा घालून खा. मधाबरोबरही चांगली लागतात, पण आमच्या घरी चटणीच्या आधी मध संपलेला मी पाहिलेला नाही.

बिघडलं तर कुठे पाहायचं

चपटी आणि तुपकट : बटर वितळलं होतं, टप्पा १, ५ आणि ९.

उंच पण चिवट : मळलं गेलं, किंवा मैदा जास्त प्रथिनांचा होता.

एका बाजूला कललेली : साचं फिरवलं, किंवा कडा छाटल्या नाहीत.

पिवळे डाग, साबणाची चव : सोडा नीट चाळला नाही, किंवा चमचा सपाट न घेता डोंगर घेतला.

फिकी, कोरडी : ओव्हन कमी तापला होता, म्हणून जास्त वेळ आत राहिली आणि सुकली. तापमान वाढवा, वेळ नव्हे.

बसकी, पण चव चांगली : बेकिंग पावडर जुनी, किंवा पीठ कालवून ओव्हनची वाट पाहिली.

एका वेळी एकच गोष्ट बदला. दोन बदल एकदम केले तर कशानं सुधारलं ते कळत नाही.

उरली तर

भाजलेली बिस्किटं त्याच दिवशी चांगली. दुसऱ्या दिवशी ओव्हनमध्ये १६० अंशांवर पाच-सहा मिनिटं गरम करा. मायक्रोवेव्हमध्ये गरम केलीत तर दोन मिनिटांत चामड्यासारखी होतात.

त्यापेक्षा कच्चीच साठवा. नवव्या टप्प्यावर ट्रेवर दोन तास कडक गोठू द्या, मग पिशवीत भरून हवा काढून फ्रीझरमध्ये ठेवा. महिनाभर चांगली राहतात. भाजताना बाहेर काढून मऊ होऊ देऊ नका. गोठलेलीच थेट तापलेल्या ओव्हनमध्ये टाका आणि वेळ चार मिनिटांनी वाढवा. मेमध्ये मी एका पहाटे दोन खेपा कापून ठेवते आणि पाहुणे दारात चप्पल काढत असतात तेव्हा ओटीजीचं बटण दाबते.